बैलाशी झुंजलेला दिग्दर्शक : व्ही. शांताराम

चकलांबा (ता. गेवराई) : १९२५ साली ‘सावकारी पाश’ नावाचा मूकपट आला. सावकार शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात गिरणीत मजूर होतो, अशी ती गोष्ट. जमीन गेली की गाव सुटतं, हे ऊसतोडीला जाणाऱ्या आपल्या भागाला वेगळं सांगायला नको. त्यातला तरुण शेतकरी झाला होता कोल्हापूरचा शांताराम वणकुद्रे. पुढं सगळा देश त्याला व्ही. शांताराम म्हणून ओळखू लागला.

जन्म १८ नोव्हेंबर १९०१ चा. शिक्षण बेताचंच. हुबळीला रेल्वेच्या वर्कशॉपमध्ये काही दिवस घाम गाळला. मग कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शिरले आणि पडेल ते काम करत कॅमेऱ्यापुढचं आणि मागचं सगळं शिकून घेतलं. १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, धायबर, कुलकर्णी यांच्यासोबत ‘प्रभात’ काढली.

१९३३ मध्ये ‘सैरंध्री’ रंगीत करायचा घाट घातला. फिल्मवरची प्रक्रिया करायला थेट जर्मनी गाठली. रंग काही मनासारखे उतरले नाहीत, पैसा गेला. पण तिथल्या स्टुडिओत डोळे उघडे ठेवून जे पाहिलं, ते पुढच्याच वर्षी ‘अमृतमंथन’मध्ये दिसलं. म्हाताऱ्याच्या गळ्यात फसवून बांधलेली, पण ते लग्न न मानणारी ‘कुंकू’मधली नीरा १९३७ ची. त्या काळात हे दाखवणं म्हणजे धाडसच.

पुढं प्रभात सोडून मुंबईत ‘राजकमल’ उभं केलं. चीनमध्ये रुग्णसेवा करता करता गेलेले सोलापूरचे डॉ. कोटणीस १९४६ मध्ये त्यांनी स्वतःच पडद्यावर साकारले, दिग्दर्शनही स्वतःचंच.

पण खरी कसोटी लागली ती ‘दो आंखें बारह हाथ’ला, १९५७ मध्ये. कथा ग. दि. माडगूळकरांची. औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला कैद्यांची उघडी वसाहत वसवली होती, त्यावरून सुचलेली. एक जेलर सहा खुनी कैद्यांना माळरानावर नेतो, पडीक जमीन फोडून भाजी पिकवतो. ती भाजी रास्त भावात बाजारात येते आणि व्यापाऱ्यांच्या पोटात दुखायला लागतं! जेलर झाले होते शांताराम. बैलाशी झुंजीचं शूटिंग चालू असताना डोळ्याला जबर मार बसला. डोळ्यांवर पट्ट्या, दृष्टी राहते की जाते अशी वेळ. दृष्टी वाचली. १९५८ मध्ये या चित्रपटानं बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळवलं, म्हणजे पंचवीस वर्षांपूर्वी ज्या जर्मनीत पैसा घालवला होता, तिथंच मान मिळाला. पट्टीखालच्या त्या अंधारात रंग सुचले म्हणे, आणि १९५९ ला ‘नवरंग’ आला.

नंतरची काही चित्रं जरा भडकच झाली, हे खरं. पण सत्तरीत, १९७२ च्या दुष्काळाच्या सालात, त्यांनी ‘पिंजरा’ दिला. मूळ कल्पना ‘द ब्लू एंजल’ या १९३० च्या जर्मन चित्रपटाची. तिथला गायिकेपायी वाया गेलेला प्राध्यापक इथं गावचा मास्तर झाला आणि तमाशाच्या फडात येऊन बसला. मास्तर डॉ. श्रीराम लागूंचा, नाचणारीण संध्याबाईंची. मूळ गोष्ट परदेशातली, हे बघणाऱ्याच्या ध्यानातही येत नाही.

१९८५ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. ऑक्टोबर १९९० मध्ये मुंबईत ते गेले. पद्मविभूषण जाहीर झालं ते त्यानंतर, १९९२ मध्ये.