लढाईला नकार म्हणून सिद्धार्थाने घर सोडले? कोसंबींचे नाटक काय सांगते
म्हातारा, आजारी, प्रेत आणि संन्यासी पाहून सिद्धार्थ घराबाहेर पडला, हे शाळेत ऐकलेले असते. धर्मानंद कोसंबींना ते पटले नाही.

१८७६ मध्ये गोव्यातील साखवाळला जन्मलेल्या कोसंबींनी बुद्धाच्या ओढीने स्वतःही घर सोडले होते. पत्नी आणि तान्ही मुलगी मागे राहिली. किंमत त्यांनी मोजली. पुढे पालीचे हे पंडित हार्वर्डपर्यंत पोहोचले. ‘अत्तदण्डसुत्ता’त त्यांना गृहत्यागाचे वेगळे कारण दिसले: आपसात शस्त्रे उगारणाऱ्या माणसांची भीती. तेच ‘बोधिसत्त्व’ नाटकात आले. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांचा तंटा पेटतो आणि सिद्धार्थ शस्त्र हाती घेत नाही. डॉ. आंबेडकरांच्या १९५७ च्या बुद्धचरित्रातही गृहत्यागामागे हाच नकार आहे.

१९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात कोसंबी तुरुंगात गेले. ४ जून १९४७ रोजी आपल्या विदर्भातील सेवाग्रामला उपोषण करून त्यांनी देह ठेवला.