पुदिना, प्रीस्टली आणि मी

माझी मावशी उज्जैनला राहते, फ्रीगंजमध्ये. मे महिन्याची सुट्टी लागली की रात्री मुंबईहून अवंतिका एक्सप्रेसमध्ये बसायचं आणि सकाळी उज्जैन, हा आमच्या घरचा ठरलेला कार्यक्रम. मावशीच्या घरात मराठी, उंबरठ्याबाहेर हिंदी. दुपारभर ऊन असं तापतं की कुणी दाराबाहेर डोकावत नाही. मात्र संध्याकाळी टॉवर चौकात खाण्यापिण्याच्या गाड्या लागल्या की अख्खं फ्रीगंज तिथे उतरतं. तिथल्याच एका गोटी सोड्याच्या गाडीची ही गोष्ट. आणि दोनशे वर्षांपूर्वी वारलेल्या एका माणसाचीही.

त्या गाडीवर रंगीत पाकाच्या बाटल्या ओळीने मांडलेल्या असतात. गेल्या मे महिन्यात मी त्या मोजल्या, अकरा भरल्या. लिंबू, जिरा मसाला, संत्रं, कालाखट्टा, कैरी, पुदिना, आलं-लिंबू, गुलाब, खस, अननस आणि रासबेरी. अकरा चवी, पण खालचा सोडा एकच. गाडीवाले काका अंगठ्याने गोटी आत दाबतात, फट्ट असा आवाज होतो आणि ग्लासात फेस चढतो. मसाला टाकला की फेस एकदम उसळून काठाबाहेर येतो, कारण मिठाच्या कणांभोवती वायूचे बुडबुडे भराभर जमतात. हे सगळं पाहायला मला फार आवडतं. तरी वर्षानुवर्षं मी तिथे फक्त लिंबू सोडाच प्यायलो.

त्याचं कारण सांगतो. मी बोलताना अडखळतो. त्यातही ‘प’ आणि ‘क’ हे माझे जुने शत्रू. पुदिना मागायचा तर ‘प’वरच गाडी अडते, कालाखट्टा मागायचा तर ‘क’वर. मागे रांग असते, लोक बघत असतात. ‘नींबू’ मात्र सुळकन बाहेर पडतो. म्हणून माझी आवड लिंबू, असं घरात सगळ्यांनी ठरवून टाकलं होतं आणि मीही ते चालवून घेतलं.

दुसऱ्या वर्षाला रसायनशास्त्राच्या सेमिनारसाठी मला प्राणवायूचा शोध हा विषय आला. तेव्हा जोसेफ प्रीस्टलीचं चरित्र वाचलं. प्राणवायूपुरतंच वाचायचं होतं, पण सुरुवातीलाच कळलं की हा माणूस आयुष्यभर तोतरा होता आणि त्याचा पोटापाण्याचा व्यवसाय होता धर्मोपदेशकाचा, म्हणजे दर रविवारी उभं राहून बोलण्याचा! मग पुस्तक खाली ठेववेना.

प्रीस्टली १७३३ साली इंग्लंडमध्ये लीड्सजवळच्या एका खेड्यात जन्मला. वडील लोकरीच्या कापडाच्या धंद्यात. सहा भावंडांत हा थोरला. आई लहानपणीच गेली आणि निपुत्रिक आत्याने त्याला वाढवलं. प्रकृती तोळामासा, पण भाषांची भूक दांडगी. लॅटिन, ग्रीक, हिब्रू तर शिकलाच, शिवाय फ्रेंच, इटालियन, जर्मन आणि थोडी अरबीसुद्धा. त्याचं घराणं राजमान्य चर्चच्या बाहेरच्या पंथाचं, आणि अशांना ऑक्सफर्ड-केंब्रिजची पदवी मिळत नसे. म्हणून तो आपल्यासारख्यांनीच चालवलेल्या डॅव्हेंट्रीच्या विद्यालयात शिकला.

१७५५ मध्ये त्याला पहिली नेमणूक मिळाली ती नीडहॅम मार्केट या लहानशा गावी. तिथे त्याची धर्ममतं लोकांना पटेनात आणि अडखळतं बोलणं ऐकवेना. ऐकणारे कमी होत गेले, उत्पन्नही आटलं. लंडनला जाऊन त्याने वाचेवर उपचार करून घेतले, पण त्यांचा म्हणावा तसा उपयोग झाला नाही. तुम्ही-आम्ही अशा वेळी दुसरी नोकरी शोधली असती. तो मात्र पुढच्या गावी गेला, तिथे उपदेशक राहिलाच आणि वर शाळाही काढली. म्हणजे रविवारी बोलणं होतंच, आता रोजचंही झालं. पुढे वॉरिंग्टनच्या विद्यालयात तो भाषांचा अध्यापक झाला. १७६२ मध्ये मेरी विल्किन्सनशी त्याचं लग्न झालं. लंडनमध्ये बेंजामिन फ्रँकलिनची ओळख झाली, त्याच्या प्रोत्साहनाने त्याने विजेच्या संशोधनाचा इतिहास लिहिला आणि १७६६ मध्ये रॉयल सोसायटीने त्याला सदस्य करून घेतलं.

आता येतो सोडा. १७६७ मध्ये तो लीड्सला मिल हिल चॅपलमध्ये आला. राहायला जागा मिळाली ती बिअरच्या कारखान्याला लागून. आंबत ठेवलेल्या पिंपांवर एक जड हवा साचते आणि तिच्यात मेणबत्ती विझते, हे त्याने पाहिलं. आज आपण तिला कार्बन डायऑक्साइड म्हणतो. त्या पिंपावर धरून त्याने एका भांड्यातलं पाणी दुसऱ्यात, दुसऱ्यातलं पहिल्यात असं ओतलं. आपल्याकडे चहावाला चहा वरखाली करतो ना, अगदी तसंच. पाण्यात ती हवा मुरली आणि त्याला एक झणझणीत, किंचित आंबट चव आली. पुढे त्याने खडूवर गंधकाम्ल घालून तीच हवा घरच्या घरी तयार केली, प्राण्याच्या मूत्राशयाच्या पिशवीत भरली आणि तिथून पाण्यात सोडली. जर्मनीतल्या पिर्मोंटच्या झऱ्याचं असं पाणी तेव्हा श्रीमंत लोक पैसे मोजून पीत. प्रीस्टलीने १७७२ मध्ये एक छोटी पुस्तिका छापली आणि ते घरी कसं करायचं ते सगळ्यांना सांगून टाकलं. पेटंट घेतलं नाही, कारखाना काढला नाही. तो धंदा पुढे श्वेपे या गृहस्थाने जिनिव्हात आणि १७९२ पासून लंडनमध्ये केला. त्याचं नाव आजही बाटल्यांवर आहे, प्रीस्टलीचं नाही.

सोड्याला पहिली नकोशी चव लागली तीही याच काळात. डॉ. नूथ नावाच्या गृहस्थाने तक्रार केली की त्या पिशवीमुळे पाण्याला लघवीची चव येते. प्रीस्टली भडकला. पण नूथने काचेचं नवं उपकरण बनवलं, तेव्हा ते आपल्यापेक्षा सरस आहे हे त्याने नंतर छापून मान्य केलं.

गाडीवरच्या दुसऱ्या दोन चवींशीही त्याचं नातं आहे. पुदिना आधी घेऊ. १७७१ मध्ये त्याने बंद काचेखाली मेणबत्ती विझेपर्यंत जाळली आणि त्या खराब हवेत पुदिन्याची एक फांदी ठेवली. दहा दिवसांनी त्याच हवेत मेणबत्ती पुन्हा जळली. झाडं हवा ताजी करतात, हे माणसाला त्या पुदिन्याने दाखवलं. दुसरी चव लिंबाची. लांबच्या सागरी सफरींत खलाशांना स्कर्व्ही व्हायचा, हिरड्यांतून रक्त यायचं, माणसं मरायची. आपल्या सोड्याने तो बरा होईल अशी प्रीस्टलीची आशा होती आणि कॅप्टन कुकच्या दुसऱ्या सफरीसाठी त्याची कृती नौदलाकडे पोचलीही. सोड्याने स्कर्व्ही बरा होत नाही, लिंबाने होतो. टॉवर चौकातले काका रोज संध्याकाळी शेकडो ग्लासांत जे पिळतात, तेवढंच नेमकं त्याच्या ग्लासात कमी होतं.

१ ऑगस्ट १७७४ रोजी त्याने पाऱ्याच्या लाल भुकटीवर मोठ्या भिंगाने ऊन पाडलं आणि एक नवा वायू मिळवला. त्यात मेणबत्ती भगभगून जळाली, उंदीर जास्त वेळ जगला, मग त्याने स्वतःही तो हुंगून पाहिला. हाच प्राणवायू. पॅरिसला गेला तेव्हा जेवणाच्या टेबलावर त्याने हे लाव्हाझिएला मोकळेपणाने सांगितलं. लाव्हाझिएने त्यावरून ज्वलनाचं नवं शास्त्र उभं केलं. प्रीस्टली मात्र जळताना पदार्थातून फ्लॉजिस्टन नावाचं काहीतरी बाहेर पडतं, या जुन्या समजुतीला मरेपर्यंत चिकटून राहिला. नूथपुढे झुकला, इथे झुकला नाही. शोध त्याचा, पण त्याचा अर्थ त्याला उमगला नाही. सेमिनारमध्ये हे सांगताना मला वाईट वाटलं, पण ते लपवून चरित्र सांगता येत नाही.

बोलण्याची किंमतही त्याने मोजली. १७८० पासून तो बर्मिंगहॅमला होता. सर्वांना धर्मस्वातंत्र्य असावं म्हणून तो लिहीत-बोलत होता आणि फ्रेंच राज्यक्रांतीची बाजू घेत होता. १४ जुलै १७९१ ला क्रांतीच्या वाढदिवसाची मेजवानी झाली. तो तिला गेलाही नव्हता, तरी जमावाने त्याचं प्रार्थनागृह जाळलं, मग घर, ग्रंथालय आणि प्रयोगशाळा. नवराबायको जेमतेम निसटले. १७९४ मध्ये ते अमेरिकेला, पेनसिल्व्हेनियातल्या नॉर्थम्बरलंड गावी गेले. तिथे १७९५ मध्ये धाकटा मुलगा गेला, पुढच्या वर्षी मेरी गेली. तरी त्याने नवी प्रयोगशाळा थाटली आणि लिखाण चालू ठेवलं. ६ फेब्रुवारी १८०४ ला तो वारला. त्या दिवशीही सकाळी त्याने आपल्या लिखाणातल्या दुरुस्त्या सांगून लिहवून घेतल्या होत्या.

त्याच्या मागे जगाने त्या साध्या पाण्यात काय काय मिसळलं! १८७२ च्या सुमारास इंग्लंडमधल्या हायरम कॉडने गोटीची बाटली आणली. तिच्यातला वायूच गोटीला रबराच्या चकतीवर दाबून धरतो. मुंबईत पालनजींची रासबेरी आली, पुण्यात अर्देशरांचा सोडा आला, १८८९ मध्ये ड्यूक्स आलं. १९७७ मध्ये थम्स अप आलं, ते तर आपल्याला ठाऊकच आहे.

सेमिनारमध्ये मी अडखळलो. ‘प्रीस्टली’ हे नाव ‘प’वरून सुरू होतं आणि ते मला तीसेक वेळा घ्यावं लागलं. प्रत्येक वेळी थांबलो आणि प्रत्येक वेळी ते पूर्ण म्हटलं. वेळ संपल्याची घंटा झाली तरी माझं एक पान उरलंच होतं.

त्यानंतरच्या मे महिन्यात टॉवर चौकात मावसभाऊ सवयीने माझ्यासाठी नींबू सांगायला निघाला. मी त्याला थांबवलं. ‘प’वर अडलो, बराच वेळ अडलो. मागच्या एका मुलाने चुळबुळ केली. काकांनी मात्र हातातली बाटली तशीच धरून ठेवली आणि माझा शब्द पुरा होईपर्यंत ते बघत राहिले. मग त्यांनी गोटी दाबली.

पुदिना मला फारसा आवडला नाही, खरं सांगायचं तर. जरा औषधासारखा लागतो. पुढच्या खेपेला कालाखट्टा मागणार आहे.