नजरेचं निदान करणारा डॉक्टर

कडाक्याच्या थंडीत फ्रान्समधला एक लहान मुलगा समोरच्या कृष्णवर्णीय तरुणाकडे बोट दाखवतो आणि घाबरून आईला बिलगतो. तरुणाने काहीच केलेलं नसतं. तरी त्या क्षणी त्याला स्वतःचंच शरीर परकं वाटायला लागतं. हा तरुण म्हणजे फ्रांझ फॅनन.

१९२५ मध्ये मार्टिनिक या कॅरिबियनमधल्या फ्रेंच वसाहतीत तो जन्मला. आपण फ्रेंचच, हे त्याने गृहीत धरलेलं. दुसऱ्या महायुद्धात तो फ्रान्ससाठी लढला, जखमी झाला, पदकही मिळालं. पण ल्योंला मेडिकल शिकायला आला तेव्हा लोकांना आधी दिसायचा तो त्याचा रंग. ट्रेनमध्ये शेजारच्या सीट रिकाम्या राहायच्या. कुणी त्याच्या फ्रेंचचं कौतुक केलं, तरी त्यातलं आश्चर्य त्याला खुपायचं. चालताना, बोलताना आपण कसे दिसतोय, हेच डोक्यात. सतत स्वतःवरच पहारा!

हा अनुभव त्याने प्रबंधात मांडला. विद्यापीठाने तो नाकारला, म्हणून १९५२ मध्ये त्याचं पुस्तक केलं. न्यूनगंड काळ्या माणसात जन्मतः नसतो, समाज तो त्याच्या अंगी भिनवतो, हे त्याचं निदान.

१९५३ मध्ये तो अल्जेरियातल्या ब्लिदाच्या मनोरुग्णालयात रुजू झाला. अल्जेरियन माणूस मुळातच आळशी, खोटारडा आणि हिंसक, असं तिथले नावाजलेले फ्रेंच डॉक्टर शिकवत. फॅननच्या एका वॉर्डात युरोपियन स्त्रिया, दुसऱ्यात मुस्लिम पुरुष. स्त्रियांसाठी त्याने नाटक-सिनेमा सुरू केला, त्यांना फरक पडला. पुरुष मात्र ढिम्म. चूक आपली आहे, हे फॅननने ओळखलं. उपचार युरोपियन पद्धतीचे होते. मग त्यांच्यासाठी त्यांच्या ओळखीचं कॅफे उघडलं, सणवार सुरू केले, फुटबॉलचं मैदान केलं. माणसं बोलती झाली.

१९५६ मध्ये राजीनामा देऊन तो स्वातंत्र्यलढ्यात उतरला. पुढे ट्युनिसमध्ये विद्यार्थ्यांना शिकवताना त्याने पाळतीचाही विषय घेतला. ज्यांचे कॉल वरिष्ठ गुपचूप ऐकतात त्या टेलिफोन ऑपरेटर, ज्यांच्यावर कॅमेरा रोखलेला असतो ते दुकानातले कर्मचारी. झोप उडणं, सततचा ताण, चक्कर येणं, ही त्याने सांगितलेली लक्षणं. तेव्हा सीसीटीव्ही नुकतेच येत होते!

१९६१ मध्ये, अवघ्या छत्तिसाव्या वर्षी ल्युकेमियाने तो गेला. पुढच्याच वर्षी अल्जेरिया स्वतंत्र झाला. ब्लिदाच्या त्या हॉस्पिटलला आज फॅननचं नाव आहे.