विश्लेषण : २८ मिनिटांचा ‘पिंक मून’ इतक्या उशिरा का उगवला?

इंग्लंडचा गायक-गीतकार निक ड्रेक २५ नोव्हेंबर १९७४ रोजी, वयाच्या अवघ्या २६व्या वर्षी गेला. हयातीत त्याचे तीन अल्बम आले आणि प्रकाशित झाले तेव्हा त्यांपैकी एकाच्याही पाच हजार प्रती खपल्या नाहीत. यांतील शेवटचा ‘पिंक मून’ हा अल्बम आज गायक-गीतकारांच्या पिढ्यांसाठी जणू पाठ्यपुस्तक ठरला आहे. तेव्हा दुर्लक्षित राहिलेला हा अल्बम नंतर लोकांपर्यंत पोहोचला कसा?

निक ड्रेक कोण होता?

निकचा जन्म १९ जून १९४८ रोजी रंगूनमध्ये झाला. वडील रॉडनी ड्रेक अभियंता होते आणि बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशनमध्ये नोकरीला होते. मुंबईचे नाव मिरवणारी, सागवानाच्या व्यापारावर मोठी झालेली ही कंपनी आज वाडिया समूहाकडे आहे. आई मॉली पियानो वाजवत आणि स्वतः गाणी रचत. थोरली बहीण गॅब्रिएल पुढे अभिनेत्री म्हणून नावारूपाला आली. १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला कुटुंब इंग्लंडला परतले आणि वॉरविकशायरमधील टॅनवर्थ-इन-आर्डन या खेड्यात स्थिरावले. निकने केंब्रिजला इंग्रजी साहित्यासाठी प्रवेश घेतला, पण संगीतासाठी पदवी अर्धवट सोडली.

पहिले दोन अल्बम का चालले नाहीत?

‘फेअरपोर्ट कन्व्हेन्शन’ या लोकसंगीत-रॉक समूहातील अ‍ॅशली हचिंग्ज यांनी १९६८ च्या सुमारास निकला लंडनच्या एका कार्यक्रमात ऐकले आणि निर्माते जो बॉइड यांना त्याचे नाव सुचवले. ‘आयलंड’ या स्वतंत्र रेकॉर्ड कंपनीतर्फे १९६९ मध्ये ‘फाइव्ह लीव्ह्ज लेफ्ट’ आणि १९७१ मध्ये ‘ब्रायटर लेटर’ हे अल्बम आले. केंब्रिजचा मित्र रॉबर्ट कर्बी याने केलेली व्हायोलिन-चेलोची संगीत रचना आणि नावाजलेले वादक अशी दोन्हींची बाजू भक्कम होती. मात्र तेव्हा रेकॉर्ड खपवायची तर गावोगावी कार्यक्रम करावे लागत, मुलाखती द्याव्या लागत. निकला नेमके हेच जमत नव्हते. तो प्रत्येक गाण्यासाठी गिटारच्या तारा वेगळ्या सुरांत लावून घेई. त्यामुळे दोन गाण्यांच्या मधे दीर्घ शांतता पसरे, श्रोते आपसांत बोलू लागत आणि तो आणखी मिटून जाई. १९७० नंतर त्याने मंचावर जाणे जवळपास थांबवले. प्रौढ निकचे एकही चलचित्रण आज उपलब्ध नाही.

‘पिंक मून’ वेगळा कसा?

‘ब्रायटर लेटर’च्या अपयशानंतर निकचे नैराश्य बळावले. बॉइड अमेरिकेला निघून गेले होते. ऑक्टोबर १९७१ मध्ये निकने ध्वनिमुद्रक जॉन वुड यांच्याशी संपर्क साधला. लंडनच्या चेल्सी भागातील ‘साउंड टेक्निक्स’ स्टुडिओत दिवसा इतरांचे काम चाले, म्हणून या दोघांनी दोन रात्रींत अल्बम उरकला. या वेळी वाद्यवृंद नको, हा निकचा आग्रह होता. अकरा गाणी, एक गिटार, एक आवाज. शीर्षकगीतात पियानोच्या मोजक्या सुरांची भर, एवढेच. एकूण लांबी जेमतेम २८ मिनिटे. निकने टेप कंपनीच्या स्वागतकक्षात ठेवली आणि तो न बोलता निघून गेला, अशी आख्यायिका रूढ आहे. प्रत्यक्षात त्याने ती कंपनीचे प्रमुख ख्रिस ब्लॅकवेल यांच्याकडे सोपवली होती.

समीक्षकांनी तेव्हा काय म्हटले?

अल्बम २५ फेब्रुवारी १९७२ रोजी आला. ब्रिटिश संगीत साप्ताहिकांत परीक्षणे थोडीच आली आणि त्यांचा सूर संमिश्र होता. गाणी मनात रेंगाळतात हे मान्य करतानाच, हा गायक श्रोत्यापासून स्वतःला लपवतो, अशी तक्रार होती. कंपनीने जाहिरात केली खरी. पण आधीचे अल्बम खपले नव्हते, तरी आमचा या कलावंतावर विश्वास आहे, अशी प्रांजळ कबुलीच त्यात होती. विक्री आधीच्या दोन अल्बमपेक्षाही कमी झाली. निक आईवडिलांच्या घरी परतला. १९७४ मध्ये त्याने आणखी काही गाणी ध्वनिमुद्रित केली. त्याच वर्षी नैराश्यावरील औषधाच्या अतिमात्रेने त्याचा मृत्यू झाला. चौकशीत आत्महत्येचा निष्कर्ष निघाला, तरी तो अपघात असावा असे मानणारे निकटवर्तीयही होते.

मग नाव कसे झाले?

याचे श्रेय बऱ्याच अंशी एका अटीला जाते. आपली संस्था ‘आयलंड’ला विकताना, निकचे अल्बम बाजारातून कधीही काढायचे नाहीत, असे बॉइड यांनी कबूल करून घेतले होते. न खपणाऱ्या रेकॉर्ड कंपन्या सहसा बंद करतात. या मात्र दुकानांत राहिल्या आणि एका श्रोत्याकडून दुसऱ्याकडे पोहोचत गेल्या. १९७९ मध्ये ‘फ्रूट ट्री’ हा संच आला. १९८५ मध्ये ‘ड्रीम अ‍ॅकॅडमी’ने आपले गाजलेले गाणे निकला अर्पण केले. १९९९ च्या अखेरीस फोक्सवॅगनने मोटारीच्या जाहिरातीत ‘पिंक मून’ हे गाणे वापरले आणि अमेरिकेतील विक्री काही महिन्यांतच कित्येक पटींनी वाढली. २००३ मध्ये ‘रोलिंग स्टोन’ने जाहीर केलेल्या ५०० सर्वोत्तम अल्बमच्या यादीत निकचे तिन्ही अल्बम होते.

आज हा अल्बम कसा ऐकावा?

नव्या कौतुकासोबत एक धोकाही आला. निकच्या मृत्यूची माहिती घेऊनच श्रोता गाण्यांकडे येतो आणि प्रत्येक ओळीत निरोप शोधू लागतो. पण अल्बमचे शेवटचे गाणे ‘फ्रॉम द मॉर्निंग’ उजळत्या सकाळीचे आहे. त्यातीलच एक ओळ टॅनवर्थच्या चर्चच्या आवारातील त्याच्या समाधीशिळेवर कोरली आहे. शिवाय त्या रात्रींतील गिटारवादनात कुठेही चाचपडणे नाही. आजाराने गाणी घडवली, असे म्हणण्यापेक्षा आजारपणातही त्याने हातातले काम नेटके पूर्ण केले, असे म्हणणे अधिक न्याय्य ठरेल. १९७२ च्या समीक्षकांना हे गाणे ऐकायला थोडक्या दिवसांची मुदत होती. रेकॉर्ड दुकानात टिकली, म्हणून पुढच्या श्रोत्यांना हवा तेवढा वेळ मिळाला.