सी. रामचंद्र : युद्धनिधीच्या कार्यक्रमाने अजरामर केलेली चाल

दुर्ग, २७ जानेवारी : चिनी आक्रमणानंतर युद्धनिधी उभारण्यासाठी हिंदी चित्रसृष्टीने २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीच्या नॅशनल स्टेडियमवर सादर केलेला कार्यक्रम आज आठवला जातो तो ‘ऐ मेरे वतन के लोगों’ या एका गीतामुळे. कवी प्रदीप यांचे शब्द आणि लता मंगेशकर यांचा स्वर सर्वांना ठाऊक आहे. चाल बांधणाऱ्या सी. रामचंद्र यांचे नाव मात्र पुष्कळदा मागे राहते.

रामचंद्र नरहर चितळकर यांचा जन्म १२ जानेवारी १९१८ रोजी नगर जिल्ह्यातील पुणतांबे येथे झाला. पुण्यात विनायकबुवा पटवर्धन आणि नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे ते गाणे शिकले. नागपूर ही तेव्हा दुर्ग जिल्ह्याचा समावेश असलेल्या मध्य प्रांताची राजधानी होती. नायक होण्याची उमेद १९३५ च्या ‘नागानंद’बरोबर मावळली. मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये किरकोळ भूमिका आणि पेटीवादन करीत ते संगीतदिग्दर्शनाकडे वळले. पुढे ‘अलबेला’, ‘अनारकली’, ‘आझाद’ या चित्रपटांनी त्यांना कीर्तीच्या शिखरावर नेले.

दिल्लीच्या कार्यक्रमाच्या वेळी मात्र लता मंगेशकर आणि त्यांच्यात दुरावा होता. प्रदीप यांनी आग्रह धरल्यामुळेच लताबाई गाण्यास तयार झाल्या. आशा भोसले यांच्यासह योजलेले द्वंद्वगीत ऐनवेळी एकल झाले. रामचंद्र काही दिवस आधीच दिल्लीस गेल्याने त्यांच्यासमवेत तालीम होऊ शकली नाही. त्यांनी दिलेल्या ध्वनिफितीवरूनच लताबाईंनी चाल आत्मसात केली. एवढ्या अपुऱ्या तयारीनिशी राष्ट्रपती राधाकृष्णन आणि पंतप्रधान नेहरू यांच्यासमोर गीत सादर होणे, हे धाडसच म्हणावे लागेल. दिलीपकुमार, मेहबूब खान यांच्यासारखी मंडळी तेथे उपस्थित होती. संथपणे सुरू होणाऱ्या, वाद्यांचा फारसा भार न घेणाऱ्या या चालीने पराभवाचे शल्य बाळगणाऱ्या श्रोत्यांना हेलावून सोडले. नेहरूंचे डोळे पाणावले. गाऊन झाल्यावर पडद्यामागे विसावलेल्या लताबाईंना बोलावण्यासाठी मेहबूब खान यांना जावे लागले.

यानंतरच्या काळात हिंदी चित्रपटांतील रामचंद्रांचे काम घटत गेले. मराठीत त्यांनी ‘घरकुल’सारख्या चित्रपटाला संगीत दिले, ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र लिहिले. ५ जानेवारी १९८२ रोजी त्यांचे निधन झाले.

या गीताचे स्वामित्वधन युद्धविधवांच्या निधीला देण्याचे प्रदीप यांनी ठरविले होते. ती रक्कम दीर्घकाळ थकली. अखेर २००५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ध्वनिमुद्रण कंपनीला थकबाकीपोटी १० लाख रुपये भरण्याचा आदेश दिला.