चवदार तळ्यानंतरची दहा वर्षे

महाड म्हटले की आपल्याला ओंजळभर पाणी आठवते. मला मात्र बाबासाहेबांच्या चरित्रातली त्यापुढची दहा वर्षे अधिक मोलाची वाटतात. २० मार्च १९२७ रोजी तळ्यावरून परतून जेवायला बसलेल्यांना जमावाने काठ्यांनी झोडपले. चवताळलेल्या अनुयायांना बाबासाहेबांनी आवरले. फिर्याद झाली, पाच हल्लेखोरांना चार महिन्यांची सक्तमजुरीही झाली. पण डिसेंबरात सनातन्यांनीच, तळे खाजगी आहे म्हणत, बाबासाहेबांविरुद्ध मनाई हुकूम आणला! हजारो सत्याग्रही तुरुंगात जायला तयार होते. तरी या बॅरिस्टरांनी हुकूम मोडू दिला नाही. (किती जड गेले असेल ते!) अखेर १७ मार्च १९३७ रोजी मुंबई हायकोर्टाने निकाल दिला: मज्जावाची पुरातन रूढी वादींना सिद्ध करता आलेली नाही.