शाहू महाराज आणि खासबागेचे मैदान

कोल्हापूर संस्थानचे अधिपती राजर्षी शाहू महाराज यांचा जन्म २६ जून १८७४ रोजी झाला. १८९४ मध्ये त्यांनी राज्यकारभार हाती घेतला. स्वतः कुस्ती खेळणाऱ्या महाराजांनी देशभरातील मल्लांना राजाश्रय दिला आणि शहरातील पेठापेठांमध्ये तालमी घुमू लागल्या.

१९०२ च्या युरोप दौऱ्यात त्यांनी रोममधील प्राचीन क्रीडागार पाहिले. त्याच धर्तीवर उभारलेले खासबाग मैदान १९१२ मध्ये पूर्ण झाले. मधोमध तांबड्या मातीचा हौदा आणि सभोवती चढत जाणारी बैठक, अशी त्याची रचना आहे. त्यामुळे हजारो प्रेक्षकांना कोठूनही कुस्ती स्पष्ट दिसते.

प्रतिस्पर्ध्याला स्पर्श केल्यावाचून कुस्ती होत नाही. शिवाशिवीच्या त्या काळात महाराजांनी सर्व जातिधर्मांच्या मल्लांना उत्तेजन दिले. अस्पृश्य मानल्या गेलेल्या पैलवानांना त्यांनी जाट, सरदार, पंडित अशी मानाची नावे दिली. मागासवर्गीयांसाठी निम्म्या नोकऱ्या राखून ठेवण्याचा त्यांचा १९०२ चा निर्णय याच विचारातून आला होता.

६ मे १९२२ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. कुस्तीची पंढरी ही कोल्हापूरची ओळख मात्र शतकानंतरही कायम आहे.